बोट लागली नव्हती

एडिनबरोच्या त्या खोलीत मला बोलावलं नाही.
अपिलात माणसं लागत नाहीत, कागद पुरतो.
माझा कागद सव्वाचार पानांचा:
साक्षीदार सात, पेगी-ॲन मॅकआस्किल,
वय चौपन्न, बोटीवर चहाच्या काउंटरला
एकोणीस वर्षं.

स्टॉर्नोवेहून अलापूलला जाणारी सकाळची फेरी.
मार्चमधला समुद्र,
आमच्याकडे तो कधीच धड वागत नाही.
ती आली. नाव मला कोर्टात कळलं,
आता ते कुठेच लिहिलेलं नाही,
निकालात ती नुसतं एक अक्षर आहे.
चहा मागितला. नाणी मोजली.
परत मोजली. मग मूठच उघडून
माझ्यापुढे धरली, लहान मूल धरतं तशी,
तुम्हीच घ्या म्हणून.
कप घेतला तो अलापूल येईस्तोवर
दोन्ही हातांत तसाच. वर साय धरली.
रडली नाही. मी तसंच सांगितलं, रडली नाही.

‘समुद्र खवळलेला होता ना?’ त्याच्या वकिलाने विचारलं.
होता.
‘अशा समुद्रात लोक पांढरेफटक पडतात?’
पडतात.
‘हात कापतात? बोलवत नाही?’
हो, पण
‘धन्यवाद,’ तो म्हणाला.
न्यायाधीशबाई म्हणाल्या, तिला पुरं करू द्या.

तेव्हा मी म्हणाले,
बोट लागलेलं माणूस क्षितिज शोधतं,
नाहीतर बादली.
ही दाराकडे बघत होती. दोन तास चाळीस मिनिटं.
तिला बोट लागली नव्हती.

ज्युरीच्या पंधराजणांनी ते ऐकलं.
एकीने लिहूनही घेतलं.
त्याच एका वाक्यावरून रुअरीचं अपील.

आमचा कायदा असा आहे:
एकाच तोंडची गोष्ट पुरत नाही,
दुसरीकडून काहीतरी यावं लागतं.
दाराला आतून कडी, रात्रीचे साडेदहा,
दुसरीकडून कोण येणार?
सकाळी चहा विकणारी आली.

निकाल मुलाने फोनवर वाचून दाखवला,
मध्ये मध्ये घसा खाकरत.
परिच्छेद एकोणतीस: नऊ तासांनंतरची अवस्था
आदल्या रात्रीशी जोडता येते का?
येते, ज्युरीला पटलं असेल तर.
त्यांनी तिला बघितलंय, आम्ही नाही.
परिच्छेद तीस: ‘बोट लागली नव्हती’ हे मत.
साक्षीदार डॉक्टर नाही.
हे ज्युरीपुढे यायला नको होतं.
परिच्छेद एकतीस: दाराकडे बघत होती,
हे मत नव्हे. हे दिसलेलं.
नाणी, कप, दार, इतकं राहतं,
आणि इतक्यावर शिक्षा उभी राहते.
अपील फेटाळलं.

‘आई, तू जिंकलीस,’ मुलगा म्हणाला.
मी कुठे खेळले होते?

एकोणीस वर्षं, दिवसाला दोन फेऱ्या,
किती ओकाऱ्या पुसल्या त्याचा हिशोब नाही.
तेवढ्यातून एक मत गोळा झालं होतं माझ्याजवळ
आणि तेच त्यांनी चिमट्याने उचलून बाजूला ठेवलं.
राग आला नाही. आला थोडा.

रुअरीची आई दुकानात दिसते, पावाच्या फळीपाशी.
टोपली तिथेच ठेवून निघून जाते.
मी तिचं पीठ, तिचं लोणी
जागच्या जागी लावून ठेवते. दुसरं काय करू?

आणि एक राहिलं.
ती नाणी दुसऱ्यांदा मोजत होती तेव्हा
मी म्हणाले होते, जरा लवकर, बाई, मागे रांग आहे.
ती म्हणाली, माफ करा.
मग मूठ उघडली.

हे सरकारी वकिलाने विचारलं नाही,
त्याच्याही वकिलाने विचारलं नाही.
सव्वाचार पानं मी दोनदा चाळली.